बघण्यासारखं काय आहे तुमच्या बेलापुरात?

फोनवर 'बेलापूर' टाइप केलं की आधी नवी मुंबई येते. काचेच्या इमारती, खाडी, लोकलचं स्टेशन. आमचं बेलापूर ते नाही. रेल्वेच्या ॲपवर बेलापूर शोधलं तर दौंड-मनमाड मार्गावरचं एक स्टेशन सापडतं. पाटीवर नाव बेलापूरच आहे. पण तिथे उतरून बाहेर आलात तर तुम्ही श्रीरामपूर शहरात असता. आमचं बेलापूर तिथून पाच-सहा किलोमीटरवर, प्रवरा नदीच्या काठाला आहे. गाव एकीकडे, गावाच्या नावाचं स्टेशन दुसरीकडे आणि गुगलला तिसरंच बेलापूर माहीत. आमच्या भागाचा इतिहास सांगायला याहून सोपी सुरुवात मला सुचत नाही, कारण इथल्या बऱ्याच गोष्टींचं असंच झालंय. वस्तू इथली, पत्ता दुसरीकडचा.

मध्यंतरी आमच्या ग्रुपमधले दोघं तुर्कस्तानला जाऊन आले. कप्पाडोकिया, पहाटेचे फुगे, दगडात कोरलेली घरं, सगळं रीतसर स्टेटसला. मी कुतूहलाने वाचत गेलो. कप्पाडोकियाचा मुख्य भाग नेवशेहिर नावाच्या प्रांतात येतो. त्याची माहिती कुठेही उघडा, मांडणी एकच असते: आधी भूगोल, मग वारसा, मग प्रेक्षणीय स्थळं. लाखो वर्षांपूर्वी ज्वालामुखींची राख पडली, तिचा मऊ खडक झाला, त्यात माणसांनी घरं, चर्चं आणि जमिनीखाली मजलेच्या मजले कोरले. १९८५ साली गोरेमे आणि कप्पाडोकियाचे कातळ जागतिक वारसा यादीत गेले. एक गोष्ट दुसरीला धरून येते. खडक मऊ होता म्हणून घरं कोरली गेली, घरं कोरली म्हणून लोक टिकले, लोक टिकले म्हणून आज फुगे उडतात.

मला वाटलं, आपल्याकडची मांडणी अशी करून बघावी. कारण आमच्याकडे पाहुणा आला की त्याला शिर्डी दाखवतात, शनिशिंगणापूर दाखवतात, आणि 'बाकी काही नाही बघण्यासारखं' म्हणून उसाच्या रसाचा ग्लास हातात देतात. हे 'बाकी काही नाही' तपासून बघायचं ठरवलं.

खडक, माती, नदी

सुरुवात त्यांच्यासारखीच करू. आपल्याकडेही ज्वालामुखीच आहे, फक्त फार जुना. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हारसाचे थर एकावर एक पसरले आणि दख्खनचं पठार तयार झालं. तुर्कांच्या वाट्याला मऊ राख आली, आपल्या वाट्याला काळा बसाल्ट. तो कोरायला कठीण. पण हा कातळ झिजतो, कुजतो आणि त्याची काळीभोर माती होते. ती ओल धरून ठेवते, उन्हाळ्यात तडकते आणि पावसात चप्पल ओढून घेते. तिकडे माणूस खडकाच्या आत शिरला, इकडे तो मातीवर राहिला. मातीची घरं पडतात, पुन्हा त्याच जागेवर बांधली जातात, आणि शेकडो वर्षांत तिथे टेकाड तयार होतं. त्याला आपण पांढरी म्हणतो. आपल्याकडचा वारसा डोळ्यांत भरत नाही, त्याचं एक कारण हे आहे. तो उभा नसतो, पायाखाली असतो.

आता नदी. प्रवरा सह्याद्रीत रतनगडाच्या कुशीत उगम पावते. तिथे रतनवाडीला अमृतेश्वराचं जुनं दगडी देऊळ आहे. तिथून अकोले, संगमनेर, कोल्हार, बेलापूर, नेवासे असा प्रवास करून ती टोक्याजवळ प्रवरासंगमला गोदावरीला मिळते. लांबी साधारण दोनशे किलोमीटर. पण या दोनशे किलोमीटरमध्ये पावसाचा हिशेब पार बदलतो. उगमाकडे घाटमाथ्यावर वर्षाला काही हजार मिलिमीटर पाऊस कोसळतो. आमच्याकडे पाचशे-साडेपाचशे मिलिमीटर झाला तरी वर्ष बरं गेलं म्हणतात. म्हणजे आकाशातून आमच्याकडे पाणी येत नाही, ते नदीतून येतं. ही एक ओळ लक्षात ठेवली तर पुढची साडेतीन-चार हजार वर्षं समजायला सोपी जातात.

लोकांनी हे त्यांच्या पद्धतीने सांगून ठेवलंय. प्रवरेला अमृतवाहिनी म्हणतात. समुद्रमंथनातून निघालेलं अमृत विष्णूने मोहिनीचं रूप घेऊन नेवाशात वाटलं, अशी कथा आहे. तिथे मोहिनीराजाचं देऊळ आहे. चोरून अमृत प्यायलेल्या राहूचं नाव राहुरीशी जोडतात. बेलापुरात केशव-गोविंदाच्या रूपाने हरी आणि हर एकत्र पूजले जातात. गंमत बघा, या नदीकाठच्या मुख्य कथेचा विषयच वाटप हा आहे. कुणाला किती मिळालं, कुणी रांगेत घुसून घेतलं, कुणाचं डोकं उडालं. पाण्याच्या पाळीवरून भांडणारा कोणताही शेतकरी ही कथा लगेच ओळखेल.

सदा वसलेलं, ओसाड गाव

बेलापूरवरून नदीच्या प्रवाहाने खाली गेलं की आमच्याच श्रीरामपूर तालुक्यात, प्रवरेच्या डाव्या काठावर दायमाबाद लागतं. 'दायम' म्हणजे कायम, 'आबाद' म्हणजे वसलेलं. नावाचा अर्थ 'सदा वसलेलं' आणि गाव ओसाड. तिथे आहे ती फक्त पांढरीची टेकाडं.

१९५८ साली पुरातत्त्वज्ञ बोपर्डीकरांनी ही जागा शोधली. मग तीन वेळा उत्खनन झालं. १९५८-५९ मध्ये म. न. देशपांडे, १९७४-७५ मध्ये एस. आर. राव आणि १९७६ ते १९७९ या काळात एस. ए. साळी यांच्या देखरेखीखाली. जमिनीत एकाखाली एक पाच संस्कृतींचे थर निघाले. सर्वात खाली साव्ळदा, मग उत्तर हडप्पा, मग दायमाबाद, मग माळवा आणि सर्वात वर जोर्वे. इसवी सनापूर्वी सुमारे २२०० पासून सुमारे १००० पर्यंत इथे माणसं नांदत होती. बाराशे वर्षं. 'दायम आबाद' म्हणायला हरकत नव्हती.

यातला उत्तर हडप्पा हा शब्द महत्त्वाचा आहे. हडप्पा म्हटलं की आपल्याला सिंध, पंजाब, गुजरात आठवतं. पण इथे हडप्पा लिपीची चिन्हं असलेल्या मातीच्या मुद्रा आणि खापरं मिळाली. सिंधूकाठची अक्षरं प्रवराकाठी. शाळेच्या पुस्तकातल्या नकाशात हडप्पेचा रंग जिथे संपतो, त्याच्या बराच खाली हा ठिपका आहे.

आणि मग १९७४. उत्खननाच्या खड्ड्यात काही सापडण्याआधीच एका भिल्ल शेतकऱ्याला झुडपाच्या बुडाशी खणताना धातूच्या चार वस्तू मिळाल्या. एक रथ, त्याला जोडलेले दोन बैल, वर उभा असलेला माणूस आणि रथाच्या दांडीवर कुत्रा. एक हत्ती, एक गेंडा, एक रेडा. रथ सुमारे ४५ सेंटिमीटर लांब. सगळं भरीव ओतकाम, आतून पोकळ काही नाही. चारही मिळून वजन साठ किलोच्या वर. लहान मुलाने दोरी बांधून ओढत न्यावीत अशी चाकांची रचना, पण उचलायला मोठा माणूस लागेल असं वजन. खेळणी नक्कीच नव्हती. मिरवणुकीतली असावीत, पूजेतली असावीत, असे तर्क लढवले गेले.

त्यांच्या काळावरून अभ्यासकांत वाद आहे. साळी, ढवळीकर यांनी त्या उत्तर हडप्पा काळातल्या मानल्या. धातूची तपासणी करणाऱ्या डी. पी. अगरवालांनी शंका घेतली, कारण या वस्तूंमधलं आर्सेनिकचं प्रमाण त्या काळच्या इतर तांब्याच्या वस्तूंशी जुळत नाही. त्या शास्त्रीय उत्खननात थरातून निघाल्या नव्हत्या, एका झुडपाखाली निघाल्या होत्या. त्यामुळे त्यांच्याभोवतीची माती साक्ष द्यायला उरली नाही. वस्तू कितीही सुंदर असो, ती कुठल्या थरातून आली ही नोंद हरवली की तिचं अर्धं बोलणं बंद होतं.

आज या मूर्ती मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात आणि दिल्लीच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहेत. चांगल्या सांभाळल्या आहेत, लाखो लोक बघतात, तक्रार नाही. पण तिथे काचेवर 'दायमाबाद' वाचून पुढे जाणाऱ्यांतल्या किती जणांना हे गाव श्रीरामपूर तालुक्यात आहे हे माहीत असेल? आणि श्रीरामपूर तालुक्यातल्या किती जणांना आपला गेंडा मुंबईत आहे हे माहीत असेल? आज जंगलात गेंडा बघायचा तर आसामकडे जावं लागतं. प्रवराकाठच्या कारागिराच्या डोळ्यांसमोर मात्र तो होता, निदान त्याच्या कल्पनेत तरी.

खापर, धागा आणि ओवी

त्याच नदीवर थोडं वर आणि थोडं खाली गेलं की आणखी दोन नावं लागतात. वर संगमनेरजवळ जोर्वे. १९५०-५१ मध्ये तिथे उत्खनन झालं आणि लाल रंगावर काळी नक्षी असलेली, चोच असलेली भांडी निघाली. पुढे महाराष्ट्रभर तशी भांडी सापडत गेली आणि त्या सगळ्या संस्कृतीला 'जोर्वे संस्कृती' असं नाव पडलं. महाराष्ट्राच्या पहिल्या शेतकऱ्यांना आज जग प्रवराकाठच्या एका खेड्याच्या नावाने ओळखतं.

खाली नेवासे. डेक्कन कॉलेजच्या ह. धी. सांकलियांनी १९५४ पासून इथे खोदकाम केलं. अश्मयुगातल्या दगडी हत्यारांपासून थेट मध्ययुगापर्यंतचे थर एकाच गावात मिळाले. भूमध्य समुद्राकडून आलेल्या मद्याच्या किंवा तेलाच्या रांजणांचे, ॲम्फोरांचे तुकडे मिळाले. म्हणजे दोन हजार वर्षांपूर्वी नेवाशात कुणीतरी समुद्रापलीकडचा माल चाखत होतं. आणि त्याहून जुन्या थरात, घराच्या जमिनीखाली, तोंडाला तोंड लावून आडवे ठेवलेले मातीचे कुंभ. त्यांत दफन केलेली लहान मुलं. एकाच्या गळ्यात तांब्याच्या मण्यांची माळ होती आणि मण्यांच्या आत माळेच्या धाग्याचा अंश शिल्लक होता. तांब्याच्या गंजाने तो जपला. तीन हजार वर्षांपूर्वीच्या आईबापांनी मेलेलं मूल दूर नेलं नाही, घरातच ठेवलं आणि जाताना त्याच्या गळ्यात माळ घातली. संग्रहालयातल्या पाटीवर हे 'दफनकुंभ' एवढंच असतं.

याच नेवाशात शके १२१२, म्हणजे इसवी सन १२९० मध्ये ज्ञानेश्वरी पूर्ण झाली. ज्ञानदेवांनी सांगितली, सच्चिदानंदबाबांनी लिहून घेतली. ग्रंथाच्या शेवटी साल, गाव आणि राज्य करणाऱ्या रामचंद्र यादवाचा उल्लेख आहे. ज्या खांबाला टेकून ज्ञानदेवांनी निरूपण केलं असं मानतात, तो पैस खांब आजही तिथे आहे. त्यावर एक संस्कृत लेख कोरलेला आहे. त्यात तत्त्वज्ञान काही नाही, देवाच्या दिव्याच्या तेलासाठी दिलेल्या दानाची नोंद आहे. मला हे फार आवडतं. मराठीतल्या सर्वात मोठ्या ग्रंथाच्या पाठीशी एक हिशेबाचा दगड उभा आहे.

तुर्कस्तानाचा धागाही आपल्या जिल्ह्यात आहे. १४९० मध्ये वसलेल्या निजामशाही अहमदनगरात (आता अहिल्यानगर) १५४९ साली एक प्रचंड तोफ ओतली गेली. ओतणाऱ्याचं नाव मुहम्मद बिन हसन रूमी. रूमी म्हणजे रूमचा, अनातोलियाकडचा, म्हणजेच आजच्या तुर्कस्तानातला. पंचावन्न टनांच्या आसपास वजनाची ती तोफ म्हणजे 'मलिक-ए-मैदान'. बघायची असेल तर विजापूरला जावं लागतं. ती तिकडे गेली. वस्तू इथली, पत्ता दुसरीकडचा.

दुष्काळाने आणलेली रेल्वे

१८७६ ते १८७८ हा दख्खनमधला मोठा दुष्काळ. माणसं आणि जनावरं मेली, गावं उठली. त्याच काळात धोंड-मनमाड लोहमार्गाचं काम झालं. मातीकामावर दुष्काळी मजूर होते. पोटासाठी घातलेल्या भरावावरून १८७८ मध्ये गाडी धावली. रूळ सरळ रेषेत जायचे होते, ते नदीकाठच्या बेलापुरात आले नाहीत. काही किलोमीटरवरून गेले आणि स्टेशनाला मात्र जवळच्या मोठ्या गावाचं, बाजारपेठेचं नाव दिलं: बेलापूर.

मग स्टेशनाभोवती वस्ती झाली. तिला 'बेलापूर रोड' म्हणत. आधी अडते, मग गूळ, मग साखर, मग शाळा, मग सिनेमा. तीच वस्ती पुढे श्रीरामपूर झाली, तालुक्याचं गाव झाली, आणि मूळ बेलापूर त्या तालुक्यातलं एक गाव राहिलं. स्टेशनाने गावाचं नाव घेतलं आणि गावाची पेठही घेतली. भारतात रेल्वेने अशी कितीतरी गावं मोठी केली आणि शेजारची कितीतरी मागे टाकली. आमच्याकडे ही दोन्ही कामं एकाच नावाने झाली.

पाणी, ऊस आणि खंड

दुष्काळानंतर सरकारला कळलं की या भागात धान्य पोहोचवण्यापेक्षा पाणी पोहोचवणं स्वस्त पडेल. प्रवरेवर ओझरला बंधारा होता, पण नदीच उन्हाळ्यात आटायची तर कालव्यात काय सोडणार? म्हणून उगमाकडे, जिथे पाऊस खरंच पडतो, तिथे भंडारदऱ्याला धरण घ्यायचं ठरलं. १९१० मध्ये काम सुरू झालं आणि डिसेंबर १९२६ मध्ये मुंबईचे गव्हर्नर लेस्ली विल्सन यांच्या हस्ते उद्घाटन झालं. त्यांचंच नाव धरणाला मिळालं. दगडी भिंतीची उंची २७० फूट. आज तिथे काजवे बघायला आणि तंबूत राहायला गर्दी होते. रील बनवणाऱ्यांना सांगावंसं वाटतं की तुमच्या मागे जी भिंत आहे, ती शंभर मैल खालच्या दुष्काळासाठी बांधलेली आहे.

पाणी येणार हे दिसू लागताच ऊस आला. सासवडकडचे माळी शेतकरी कालव्यांच्या पाण्यावर बागायत करायला या जिल्ह्यात येऊन स्थायिक झाले. उसाची लागण, खोडवा, गुऱ्हाळ ही कला त्यांच्या हातात होती. आणि पहिल्या महायुद्धानंतर कंपन्या आल्या. १९१९ मध्ये बेलापूर कंपनी स्थापन झाली, हरेगावला साखर कारखाना उभा राहिला. १९३३ मध्ये महादेव डहाणूकरांनी महाराष्ट्र शुगर मिल्स काढली आणि तिच्याभोवती टिळकनगर वसलं.

कारखान्याला ऊस लागतो, उसाला जमीन. हजारो एकर जमीन शेतकऱ्यांकडून दीर्घ मुदतीच्या खंडाने घेण्यात आली. इथे खंड म्हणजे तुकडा नव्हे, जमीन कसायला दिल्याबद्दल मालकाला वर्षाला मिळणारी ठरावीक रक्कम. कोरडवाहू, दुष्काळाने मोडलेल्या शेतकऱ्याला तेव्हा हा सौदा वाईट वाटला नसेल. जमीन आपल्याच नावावर, कष्ट कंपनीचे, वर्षाला पैसे घरपोच. पण कालव्याचं पाणी फिरल्यावर त्या मातीची किंमत कितीतरी पटींनी वाढली आणि खंडाची रक्कम कागदावर लिहिली होती तिथेच राहिली. अनेक मालक स्वतःच्याच शेतात मजूर म्हणून कामाला लागले.

स्वातंत्र्यानंतर गोष्ट आणखी विचित्र झाली. कमाल जमीन धारणेचा १९६१ चा कायदा आला. कारखान्यांकडची जादा जमीन सरकारने घेतली. पण ती कारखान्यांच्या मालकीची नव्हतीच, खंडाने घेतलेली होती! तरी ती मूळ मालकांना परत न जाता १९६३ मध्ये स्थापन झालेल्या शेती महामंडळाकडे गेली. कारण सांगितलं गेलं की मोठ्या सलग क्षेत्रावरचं उत्पादन मोडू नये. ज्यांच्या आजोबांनी तीस वर्षांसाठी जमीन दिली होती, त्यांच्या नातवांना आता तिच्यावर पायही ठेवता येत नव्हता. हे 'खंडकरी'. कॉम्रेड माधवराव गायकवाडांसारख्यांच्या नेतृत्वाखाली त्यांनी मोर्चे काढले, खटले लढले, निवडणुकांत आश्वासनं ऐकली. पिढी संपली, पुढची आली. शेवटी कायद्यात दुरुस्ती झाली आणि २०१२ पासून कमाल मर्यादेत बसेल एवढी जमीन मूळ मालकांच्या वारसांना परत मिळायला लागली. अर्धशतक गेलं.

जमीन परत मागायची तर वारसाला सिद्ध करावं लागत होतं की आमच्या पणजोबांनी अमुक गटातली इतकी एकर दिली होती. त्यासाठी खंडाचे करार, जुने सातबारे, फेरफार, वारसनोंदी लागत. ज्या घरांनी ट्रंकेच्या तळाशी ते पिवळे कागद जपले, वाळवीपासून वाचवले, त्यांचा हात वर राहिला. दायमाबादच्या रथाचं जे झालं, त्याच्या नेमकं उलट इथे घडलं. रथ मिळाला पण नोंद हरवली, म्हणून त्याचा काळ वादात पडला. जमीन गेली पण नोंद राहिली, म्हणून ती परत आली.

ऊस गेल्यावर उरलेलं

हरेगाव तर एक गाव असून चार इतिहास आहेत. डिसेंबर १९३९ मध्ये इथे डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या अध्यक्षतेखाली वतनदार महार-मांगांची परिषद झाली. वतनाच्या जमिनीवरच्या वाढीव आकारणीविरुद्ध तिथे आवाज उठला. पुन्हा जमीनच. त्याच गावात दर सप्टेंबरमध्ये मतमाउलीची यात्रा भरते. मारिया मातेच्या दर्शनाला महाराष्ट्रभरातून लोक येतात, पदयात्रा निघतात, नवस फेडतात, रस्त्याच्या कडेला नारळ-फुलांची दुकानं लागतात. वारीचं आणि जत्रेचं सगळं व्याकरण तेच, फक्त माउली वेगळी. आणि ज्या कारखान्यामुळे हे गाव गजबजलं, तो कारखाना बंद पडला. त्याच्या जुन्या बांधकामांच्या मध्ये उभं राहिलं की दायमाबादची टेकाडं आठवतात. वस्ती ओस पडायला हजारो वर्षं लागतातच असं नाही.

कंपन्यांच्या मक्तेदारीला उत्तर मात्र याच नदीने दिलं. लोणीचे विठ्ठलराव विखे पाटील यांनी गावोगावच्या शेतकऱ्यांकडून भागभांडवल गोळा केलं. अर्थशास्त्रज्ञ धनंजयराव गाडगीळ अध्यक्ष झाले. १९४८ मध्ये नोंदणी आणि १९५०-५१ मध्ये पहिला गळीत हंगाम. प्रवरेचा हा सहकारी साखर कारखाना आशियातला पहिला म्हणून ओळखला जातो. ऊस पिकवणाराच कारखान्याचा मालक, ही कल्पना इथून महाराष्ट्रभर गेली आणि पुढच्या पन्नास वर्षांचं राजकारण तिने घडवलं. त्यातलं चांगलं-वाईट आपण सगळे जाणतो.

पाण्याचाही हिशेब अजून चालू आहे. जास्त पाणी दिलेल्या काळ्या रानात क्षार वर आले, जमिनी पाणथळ आणि चोपण झाल्या. खाली पैठणला १९७६ मध्ये जायकवाडी झालं. दुष्काळी वर्षात भंडारदरा, निळवंडे आणि मुळा धरणांतून जायकवाडीसाठी पाणी सोडायची वेळ आली की इकडे आंदोलनं होतात. २००५ चा कायदा समन्यायी वाटप सांगतो. खालचा म्हणतो, आम्हालाही तहान आहे. वरचा म्हणतो, धरण आमच्या दुष्काळासाठी बांधलं होतं. दोघंही खोटं बोलत नाहीत. नेवाशातल्या मोहिनीला हा प्रश्न नवा वाटणार नाही.

तर मग, प्रेक्षणीय स्थळं

दोन दिवस काढा. पहिल्या दिवशी भंडारदऱ्याची भिंत आणि रतनवाडीचा अमृतेश्वर बघा, खाली उतरताना संगमनेरजवळ जोर्वे, मग लोणी-प्रवरानगर. दुसऱ्या दिवशी रेल्वेने 'बेलापूर'ला उतरा आणि बेलापूर नसलेल्या श्रीरामपुरात चहा घ्या. मग खऱ्या बेलापुरात केशव-गोविंदाला जाऊन नदीवर या. हरेगाव करा. दायमाबादच्या टेकाडांवर चढा. तिथे बघायला खापरं आणि वारा आहे, पण खापर उचलून खिशात घालू नका, ते जिथे पडलंय तीच त्याची ओळख आहे. संध्याकाळी नेवाशाला पैस खांब आणि पुढे प्रवरासंगमला दोन नद्या. वेळ उरला तर राहुरी तालुक्यात ताहाराबाद आहे, 'भक्तविजय' लिहिणाऱ्या महिपतींचं गाव.

यातलं एकही ठिकाण कप्पाडोकियासारखं फोटोत उठून दिसणार नाही. बसाल्ट कोरून कुणी इथे शहर केलं नाही, आणि सकाळी आकाशात फुगे नसतात, कालव्यावरचं धुकं असतं. पण भूगोलाला धरून इतिहास आणि इतिहासाला धरून आजचं भांडण, ही साखळी इथे त्यांच्याइतकीच सलग आहे. ती कुणी सलग सांगितलेली नाही एवढंच.

म्हणून एक काम सुचवतो. दिवाळीला गावी जाल तेव्हा घरातली ट्रंक उघडा. खंडाचा करार असेल, कालव्याच्या पाणीपट्टीची पावती असेल, कारखान्याच्या शेअरचा दाखला असेल, आजीचा चांदबिबीच्या महालासमोरचा फोटो असेल. फोनवर नीट फोटो काढा आणि आजी-आजोबांना विचारून त्याखाली लिहा: कुणाचं, कुठलं, कोणत्या वर्षीचं. ते सांगू शकणारी माणसं आहेत तोवरच हे काम होईल. रथ ओतणाऱ्याचं नाव आपल्याला कधीच कळणार नाही. आपल्या पणजोबांचं नाव, त्यांचा गट नंबर आणि त्यांना एकरी किती खंड मिळत होता, हे मात्र अजून कळू शकतं.